सांगकाम्याचे हास्य : आरंभीचे इटालियन मूक प्रहसनपट

१

कलांच्या इतिहासात गांभीर्याला मानाचे पान मिळते आणि हास्याला पंगतीच्या टोकाशी बसावे लागते. शोकात्मिका कोणकोणत्या अवस्थांतून विकास पावली हे लोकांच्या स्मरणात राहिले. सुखात्मिकेचा आरंभ मात्र कोणी गांभीर्याने न घेतल्यामुळे विस्मृतीत गेला, अशी नोंद ॲरिस्टॉटलने आपल्या काव्यशास्त्रातच करून ठेवली आहे. त्यानंतर सुमारे तेवीस शतकांनी चित्रपटासारखी सर्वस्वी नवी कला जन्मास आली. तिच्यापाशी परंपरेचे ओझे नव्हते आणि पूर्वग्रहांचा वारसाही नव्हता. तरी तिचा इतिहास लिहिला जाऊ लागताच तीच जुनी रीत पुन्हा अवतरली.

याचे ठळक उदाहरण इटलीत सापडते. १८ एप्रिल १९१४ रोजी तोरिनो शहरातील व्हित्तोरियो एमानुएले नाट्यगृहात ‘काबिरिया’ हा भव्य चित्रपट प्रथम दाखविला गेला. त्याचा दिग्दर्शक जोवान्नी पास्त्रोने. त्यातील उपशीर्षकांना नाव गाब्रिएले दान्नुन्त्सियो या कविश्रेष्ठाचे. विषय रोम व कार्थेज यांच्यातील युद्धाचा. ‘काबिरिया’चे नाव चित्रपटाच्या प्रत्येक इतिहासात आढळते, आणि ते योग्यच आहे. परंतु ज्या ‘इताला’ कंपनीने तो निर्माण केला तिचे नाव देशोदेशी प्रथम पोहोचविले ते कार्थेजच्या सेनापतींनी नव्हे, तर क्रेतिनेत्ती नावाच्या एका मूर्खाने. शिड्या कोसळविणारा, फर्निचर मोडणारा, ज्या घरात पाऊल टाकील ते घर जमीनदोस्त करणारा हा मूर्ख १९०९ पासून पुढील तीन वर्षे जवळजवळ दर आठवड्याला प्रेक्षकांना भेटत होता. भव्यतेचा पाया ज्या पैशावर उभा राहिला त्यात या मूर्खाच्या कमाईचा वाटा मोठा होता. इतिहासाने मंदिराचा कळस पाहिला. पायातील दगडांकडे त्याचे लक्ष गेले नाही.

हे दगड केवळ पायात घालण्याच्याच योग्यतेचे होते काय, हा येथील प्रश्न आहे. चार्ली चॅप्लिनच्या आगमनापूर्वीची कच्ची धडपड, एवढेच त्यांचे वर्णन करून भागेल काय? या लघुपटांकडे बारकाईने पाहिल्यास त्यांच्या हास्याची जात निराळी होती असे दिसून येते, आणि ती जात ओळखल्यावाचून त्यांच्या अकाली अस्ताचा अर्थही लागत नाही.

२

इटालियन चित्रव्यवसायाने १९०५ ते १९०८ या काळात मूळ धरले. रोममध्ये ‘चिनेस’, तोरिनोमध्ये ‘आम्ब्रोझियो’ आणि ‘इताला’ या प्रमुख संस्था. चित्रपट लहान असत. शंभर ते दोनशे मीटर लांबीचे, म्हणजे पाच-दहा मिनिटांचे. एका खेळात असे अनेक तुकडे दाखविले जात : एखादे निसर्गदृश्य, एखादी करुणकथा आणि शेवटी प्रेक्षकांना हसत घरी पाठविणारे एक प्रहसन. बाजारपेठेवर वर्चस्व होते फ्रान्समधील ‘पाथे’ कंपनीचे. तिच्याशी स्पर्धा करावयाची तर तिचेच माणूस फोडणे हा सरळ मार्ग होता. पास्त्रोने याने १९०८च्या अखेरीस नेमके हेच केले. पाथेच्या चित्रपटांतून ‘ब्वारो’ या नावाने गाजत असलेला आंद्रे दीद हा नट त्याने तोरिनोला आणला.

दीद मूळचा फ्रान्समधील ल हाव्र या बंदराचा, जन्म १८७९चा. कॅफेतील रंगमंचावर गाणी व कसरती करून तो तयार झाला होता, आणि जॉर्ज मेलिएस या पडद्यावरील जादूगाराच्या हाताखाली त्याने कॅमेऱ्याच्या करामती पाहिल्या होत्या. इटलीत त्याचे नाव क्रेतिनेत्ती झाले. मराठीत ‘येडबंबू’ म्हटल्यास अर्थ साधतो. फ्रान्समध्ये हाच ग्रिबुई, स्पेनमध्ये तोरिबियो, इंग्लंडात फूल्सहेड. मूकपटाला भाषांतर लागत नव्हते. भाषांतर होत होते ते फक्त नावाचे. प्रत्येक देशाने या मूर्खाला आपल्या घरचे नाव दिले आणि आपलाच मानले.

दीदच्या यशाबरोबर प्रत्येक कंपनीला स्वतःचा विदूषक हवासा झाला. चिनेसने फेर्दिनांद गिय्योम याला ‘तोंतोलिनी’ म्हणून पुढे आणले. हाच पुढे तोरिनोच्या ‘पास्क्वाली’ कंपनीत जाऊन ‘पोलिदोर’ झाला. आम्ब्रोझियोने १९१० पासून मार्सेल फाब्र याला ‘रोबिने’ म्हणून उभे केले. चिनेसमध्ये रेमों फ्रो ‘क्री क्री’ म्हणून आला. येथे एक गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. ज्याला इटालियन विनोद म्हणून जग ओळखत होते, त्याचे हे चारही प्रमुख पुरुष नट जन्माने इटलीबाहेरचे होते. दीद फ्रेंच, गिय्योम सर्कशीतील कुटुंबात फ्रान्समधील बायोन येथे जन्मलेला, फाब्र माद्रिदचा, फ्रोचा जन्म सेनेगलमधला. इटालियन प्रहसन म्हटले की ‘कोम्मेदिया देल्लार्ते’ या जुन्या मुखवट्यांच्या नाट्याशी त्याचे नाते जोडण्याचा मोह अभ्यासकांना होतो. काही साम्ये आहेतही. परंतु प्रत्यक्ष वंशावळ पाहू गेल्यास ती सर्कशीच्या तंबूतून आणि कॅफेच्या रंगमंचावरून येते. आणि तंबूला देश नसतो. राष्ट्रीय परंपरा म्हणून आपण जिचा अभिमान वाहतो, ती पुष्कळदा अशा फिरत्या लोकांनी घडविलेली असते.

३

या प्रहसनांचे बाह्य स्वरूप थोडक्यात सांगता येते. नायक एखादे क्षुल्लक काम अंगावर घेतो. त्यातून एक वस्तू पडते, तिच्यामुळे दुसरी. रागावलेला माणूस पाठीस लागतो, वाटेत आणखी चार सामील होतात. अखेरीस सारा मोहल्ला धावत सुटतो आणि सगळे एकमेकांवर कोसळतात. पाठलाग आणि पडझड ही दोन चाके, व त्यांवर चालणारी ही गाडी. कॅमेरा मध्येच थांबवून नटाच्या जागी बाहुले ठेवणे, फीत उलटी फिरवून पडलेले उभे करणे या युक्त्या सर्रास योजल्या जात. नाट्यशास्त्राच्या परिभाषेत बोलावयाचे तर येथे वाचिक अभिनय शून्य. सारा भार आंगिकावर आणि आहार्यावर. हास्याचा उगम विकृत आकार, विकृत वेष आणि विकृत चेष्टा यांत आहे, असे भरताने सांगितले ते या चित्रपटांना अक्षरशः लागू पडते.

पण एवढ्याने या हास्याचे वैशिष्ट्य हाती येत नाही, कारण ते पाथेच्या प्रहसनांनाही लागू आहे. वैशिष्ट्य आहे ते नायकाच्या स्वभावात. क्रेतिनेत्ती बंडखोर नाही. चॅप्लिनचा भटक्या समाजाच्या बाहेर उभा आहे. पोलिसाला लाथ मारून तो कोपऱ्यावरून नाहीसा होतो. क्रेतिनेत्ती समाजाच्या आत आहे. तो बैठकीच्या खोलीत वावरतो, निमंत्रण आल्यास लग्नास जातो, आणि जगाने जे करावयास सांगितले तेच मोठ्या निष्ठेने करू पाहतो. विध्वंस घडतो तो या निष्ठेमुळे. आईने सांगितलेला प्रत्येक शब्द तंतोतंत पाळून घोटाळा करणारा ‘सांगकाम्या’ मराठी घरांतील लहान मुलांना ठाऊक आहे. क्रेतिनेत्ती हा त्याच गोत्राचा आहे.

१९०९चा ‘क्रेतिनेत्ती, किती देखणा!’ हा चित्रपट पाहावा. देखणे दिसावे, टापटीप राहावे, ही सभ्य समाजाची आज्ञा. क्रेतिनेत्ती ती पाळतो; उंच टोपी, झोकदार पोशाख करून लग्नास निघतो. आज्ञापालन इतके परिपूर्ण होते की भेटणारी प्रत्येक स्त्री त्याच्यावर भाळते. बायकांचा घोळका त्याच्या मागे धावतो. त्यांतील काही बायका म्हणजे लुगडी नेसलेल्या पुरुषांसारखे सोंग घेतलेले नटच आहेत. अखेरीस त्या त्याला गाठतात आणि प्रेमाच्या भरात त्याचे हातपाय, धड, डोके ओढून वेगळे करतात. भयभीत होऊन त्या पळून जातात, तेव्हा मातीत विखुरलेले अवयव एकेक करून जवळ येतात, जुळतात, आणि क्रेतिनेत्ती पुन्हा अखंड उभा राहतो. मिथककथेत ऑर्फियसची हीच गत झाली होती. पण ऑर्फियस पुन्हा जुळला नाही. प्रहसनाचा देव अधिक दयाळू आहे.

आन्री बर्गसाँ याने १९०० साली प्रसिद्ध केलेल्या हास्यविषयक ग्रंथात जिवंत माणूस यंत्रासारखा वागू लागला की हसू येते असा सिद्धान्त मांडला. क्रेतिनेत्तीला तो बराचसा लागू पडतो. मात्र बर्गसाँच्या मते हास्य हा समाजाने यांत्रिक माणसाला दिलेला दंड आहे. येथे दंड होतो तो समाजालाच. मूर्ख शेवटी धडधाकट उभा असतो. मोडलेली असते ती बैठकीची खोली.

ही खोली कोणाची, हेही पाहिले पाहिजे. इटली एकसंध राज्य झाले ते १८६१ साली, आणि तोरिनो ही त्याची पहिली राजधानी. नव्या राज्याला नवे नागरिक घडवावयाचे होते. एदमोंदो दे आमिचिस याचे ‘कुओरे’ हे १८८६चे पुस्तक याच तोरिनोतील एका शाळेत घडते. आज्ञापालन, कर्तव्य आणि देशासाठी त्याग यांचे पाठ त्याने पिढ्यान्‌पिढ्या मुलांना दिले. कोल्लोदीचा ‘पिनोक्यो’ १८८३ साली ग्रंथरूपाने आला. त्यातील लाकडी बाहुला अनेक खोड्यांनंतर आज्ञाधारक मुलगा होतो तेव्हाच त्याला मानवी देह लाभतो. १९११ साली राज्याच्या पन्नाशीनिमित्त तोरिनोत मोठे आंतरराष्ट्रीय प्रदर्शन भरले. तेथील चित्रपटस्पर्धेत आम्ब्रोझियोच्या ‘सुवर्णविवाह’ या स्वातंत्र्ययुद्धाच्या आठवणी जागविणाऱ्या गंभीर चित्रपटाला प्रथम पारितोषिक मिळाले. त्याच वर्षी चिनेसने ‘पिनोक्यो’ पडद्यावर आणला, आणि त्या बाहुल्याची भूमिका केली तोंतोलिनीने, म्हणजे गिय्योमने. ही निवड अर्थपूर्ण आहे. ज्या शरीराला शिस्त लावण्याची कथा लेखकाने रचली, ते शरीर पडद्यावर एका विदूषकाचे होते. एकीकडे शाळा, प्रदर्शन आणि पारितोषिके नागरिकाला सांगत होती की सांगितले तसे वाग. दुसरीकडे त्याच शहरातील चित्रशाळा दर आठवड्याला दाखवीत होत्या की सांगितले तसे वागल्यास काय होते.

४

ही दृष्टी केवळ पुरुषांपुरती राहिली नाही, हे या परंपरेचे एक भूषण आहे. चिनेसमधील लेआ जुंकी ही नटी ‘लेआ’ याच नावाने स्वतंत्र प्रहसनांची नायिका झाली. तिच्या १९१३च्या ‘लेआ आणि लोकरीचा गुंडा’ या चित्रपटातील प्रसंग अगदी घरगुती आहे. लेआला पुस्तक वाचावयाचे आहे. घरच्यांना ती विणताना दिसावयास हवी. ती निषेध करीत नाही. विणावयाचे तर लोकर हवी, आणि लोकरीचा गुंडा सापडत नाही. म्हणून ती शोधू लागते. कपाटे उलटतात, गाद्या उसवल्या जातात, घरातील एकही वस्तू जागेवर राहत नाही. मुलीने काय वाचावे, काय विणावे याविषयी त्या काळी निबंध पुष्कळ लिहिले गेले असतील. लेआने पाचेक मिनिटांत, एक शब्दही न बोलता, आज्ञापालनाची किंमत घरच्यांच्या पदरात टाकली. दीदची सहनटी वालेंतिना फ्रास्कारोली आणि आम्ब्रोझियोमधील जिजेत्ता मोरानो यांचीही नावे येथे घेतली पाहिजेत. मोरानोचा विनोद मात्र पडझडीचा नव्हता. तो मध्यमवर्गीय संसारातील नाजूक कुरघोड्यांचा होता.

कल्पकतेच्या बाबतीत फाब्रचा ‘पादचारी प्रेम’ हा १९१४चा लघुपट विशेष उल्लेखनीय आहे. त्यात आरंभापासून माणसांचे फक्त पाय दिसतात. एका बुटांची जोडी एका स्त्रीच्या पादत्राणांचा पाठपुरावा करते, चिठ्ठी बुटात सरकवली जाते, लष्करी बूट मध्ये पडतात, द्वंद्वयुद्ध होते. संपूर्ण प्रेमनाट्य, आणि त्यात चेहरा कोठेही नाही. ज्या वर्षी नटनट्यांच्या भावविव्हल मुद्रांवर इटालियन चित्रपट भाळू लागला होता त्याच सुमारास एका विदूषकाने चेहराच वगळून दाखवावा, हे टीकेचेच एक रूप होय. पुढच्याच वर्षी भविष्यवादी कवी मारिनेत्ती याने ‘पाया’ या नावाची अशीच एक नाटुकली लिहिली. तीत पडदा एवढाच वर जातो की प्रेक्षकांना नटांचे पायच दिसावेत. कोणी कोणाचे उचलले हा वाद निष्फळ आहे. परंतु मारिनेत्तीची नाटुकली साहित्याच्या इतिहासात नोंदली गेली आणि फाब्रचा चित्रपट कितीतरी काळ कोणाच्या गावी नव्हता, यातून आरंभी सांगितलेली पंगतीची रीतच पुन्हा प्रत्ययास येते. भविष्यवाद्यांनी स्वतः मात्र या करमणुकीचे मोल ओळखले होते. १९१३ साली मारिनेत्तीने विविधरंगी रंगभूमीचा गौरव करणारा जाहीरनामा काढला, आणि पालात्सेस्कीने दुःखाच्या पोटातून हास्य खणून काढण्याचा पुरस्कार करणारा आपला जाहीरनामा त्याच वर्षाच्या अखेरीस लिहिला.

हे नट स्वतःच्या कलेविषयी विचारही करीत होते. १९११च्या ‘तोंतोलिनी खिन्न आहे’ या लघुपटात तोंतोलिनीला उदासीनता ग्रासते. करमणुकीचे उपाय एकामागून एक विफल होतात. अखेर तो चित्रपटगृहात जातो, पडद्यावर तोंतोलिनीच्या करामती पाहतो, आणि खळखळून हसतो. खिन्न विदूषकाची दंतकथा जुनी आहे. वैद्य त्याला त्याचाच खेळ पाहण्याचा सल्ला देतो आणि तेथेच ती संपते, कारण रंगमंचावरील नटाला स्वतःचा खेळ पाहता येत नाही. चित्रपटाने ते शक्य केले. भरताने हास्याचे आत्मस्थ आणि परस्थ असे दोन प्रकार सांगितले. स्वतः हसणे आणि दुसऱ्यास हसविणे. या लघुपटात एकच माणूस एकाच वेळी दोन्ही करतो, आणि जुन्या दंतकथेतील शोकान्त पुसला जातो.

५

एवढे चैतन्य असूनही ही परंपरा सहा-सात वर्षांत ओसरली. तिची कारणे दोन. पहिले व्यवसायातच होते. दीर्घ चित्रपटांची चाल पडली, चित्रपट ही ‘कला’ ठरू लागली, भांडवल इतिहासपटांकडे व सुप्रसिद्ध नट्यांकडे वळले. लघुपट खेळाची तोंडीलावणी झाले. दीद १९११च्या सुमारास पाथेकडे परत गेला. दुसरे कारण इतिहासाचे. २४ मे १९१५ रोजी इटली महायुद्धात उतरली, आणि त्याच दिवशी शत्रूच्या विमानांनी व्हेनिसवर बाँब टाकले.

त्या वर्षी दीद इतालाकडे परतला आणि त्याने ‘शत्रूच्या विमानांचे भय’ हा चित्रपट केला. नवविवाहित क्रेतिनेत्ती हवाई हल्ल्यापासून बचावाच्या सरकारी सूचना वाचतो आणि त्या तंतोतंत अमलात आणतो. पाणी साठवतो, वाळू साठवतो. वधू वाट पाहत राहते, आणि बॉंबची गरज न लागता घराची वाताहत होते. आजवर घरातली, शाळेतली, फॅशनची आज्ञा पाळणारा सांगकाम्या येथे प्रथमच राज्यसंस्थेची आज्ञा पाळताना दिसतो. हेतू प्रेक्षकांना धीर देण्याचाही असेल. तथापि या हास्याच्या मुळाशी जी श्रद्धा होती ती आता टिकणारी नव्हती. तुटलेले हातपाय पुन्हा जुळतात, ही ती श्रद्धा. पुढील साडेतीन वर्षांत इटलीचे सुमारे सहा लाख सैनिक मेले. आणि आघाडीवरून परतलेल्यांत ज्यांचे हातपाय गेले होते त्यांना ते फीत उलटी फिरवून मिळणार नव्हते.

दीदने १९२१ साली ‘यांत्रिक मानव’ हा चित्रपट दिग्दर्शित केला. त्याचा काही भागच आज उपलब्ध आहे. त्यात एक प्रचंड लोखंडी माणूस दुरून दिलेल्या आज्ञेप्रमाणे चालतो, आणि ती आज्ञा देणारी सूत्रे गुन्हेगार स्त्रीच्या हाती पडतात. ही भूमिका फ्रास्कारोलीची. सांगकाम्याचा हा शेवटचा अवतार म्हटला पाहिजे. क्रेतिनेत्तीच्या आज्ञापालनात चुकण्याची मुभा होती. त्या चुकीतच माणूसपण होते आणि हसूही होते. लोखंडी माणूस चुकत नाही, म्हणून तो हास्यास्पद न राहता भयानक होतो. पुढच्याच वर्षी, ऑक्टोबर १९२२ मध्ये, मुसोलिनीचे अनुयायी रोमवर चालून गेले. विश्वास ठेवा, आज्ञा पाळा, लढा, ही त्या राजवटीची घोषणा पुढे भिंतीभिंतींवर लिहिली गेली. दीदला हे सारे दिसले होते असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. तो द्रष्टा नव्हता, विदूषक होता. परंतु आज्ञापालन हा ज्याच्या कलेचा आयुष्यभराचा विषय, त्याच्या हातून असा चित्रपट निर्माण व्हावा यात नवल नाही.

नंतरची हकीगत थोडी आहे. दीद १९४० साली पॅरिसमध्ये मरण पावला, तेव्हा त्याचे नाव फारसे कोणाला आठवत नव्हते. चित्रपटांच्या प्रती बहुतांशी नष्ट झाल्या. ज्या उरल्या त्यांतील कित्येक उरल्या त्या रसिकांच्या दक्षतेने नव्हे. जुना माल टाकून न देणाऱ्या व्यापाऱ्यांच्या सवयीने. ॲमस्टरडॅममधील वितरक जाँ देस्मेत याचा संग्रह हे त्याचे प्रसिद्ध उदाहरण; २०११ साली युनेस्कोने तो जागतिक स्मृतिठेव्यात समाविष्ट केला. तोरिनोमध्ये मारिया आद्रियाना प्रोलो या विदुषीने आयुष्य खर्चून चित्रपट-संग्रहालय उभारले आणि १९५१ साली इटालियन मूकपटाचा इतिहास लिहिला. १९८२ पासून पोर्देनोने येथे मूकपटांचा महोत्सव भरू लागला, आणि अशा मेळ्यांतून व संग्रहालयांच्या जीर्णोद्धारांतून क्रेतिनेत्ती, रोबिने, लेआ ही मंडळी पुन्हा पडद्यावर आली. त्यांना पाहून प्रेक्षक आजही हसतात, हा त्यांच्या बाजूचा सर्वांत भक्कम पुरावा.

एकाला मात्र हयातीतच थोडा न्याय मिळाला. गिय्योम १९७७ पर्यंत जगला, आणि फेदेरिको फेल्लिनीने त्याला आपल्या अनेक चित्रपटांत लहान भूमिका दिल्या. १९६०च्या ‘ला दोल्चे वीता’मध्ये रात्रीच्या एका करमणूकगृहात वृद्ध पोलिदोर विदूषकाच्या वेषात येतो, तुतारी वाजवितो आणि निघून जातो, जमिनीवरचे फुगे हलकेच त्याच्या मागोमाग जातात. कोणी कोणाला हुकूम करीत नाही. सुरावर लोभ जडला म्हणून ते फुगे मागे जातात, आणि टेबलांभोवती बसलेली माणसे हसावयाचे विसरून क्षणभर त्यांच्याकडे पाहत राहतात.